दुसऱ्या कानातलं गाणं

डीजेकडे बघताना लोक त्याच्या हातांकडे बघतात. मी मानेकडे बघतो. मान एका अंगाला कललेली, खांदा किंचित उचललेला, आणि खांदा नि कान यांच्या बेचक्यात हेडफोनची एक वाटी दाबून धरलेली. दुसरी वाटी कानामागे सरकवलेली. तो कान उघडा. उघड्या कानात जे वाजतंय ते साऱ्या फ्लोअरला ऐकू येतंय. झाकलेल्या कानात मात्र पुढचं गाणं सुरू झालेलं असतं, आणि ते अजून कुणाच्याच वाट्याला आलेलं नसतं. समोर दोन-तीनशे माणसं चालू गाण्यात बुडालेली, आणि हा एकटा एका कानाने त्यांच्यात, दुसऱ्या कानाने त्यांच्या थोडा पुढे.

तेव्हाचा त्याचा चेहरा मला आवडतो. नाचणाऱ्याचा नसतो तो. हिशेब करणाऱ्याचा असतो, आणि हिशेब जुळला की क्षणभर सैल होतो. मग वाटी गळ्यात येते, मान सरळ होते, आणि लोक हात वर करून ओरडतात तेव्हा त्याचं खरं काम केव्हाच संपलेलं असतं.

हे मी पहिल्यांदा निवांत पाहिलं ते लोअर परळला, मथुरादास मिलच्या आवारातल्या ‘ब्लू फ्रॉग’मध्ये. २००७ साली ते सुरू झालं आणि २०१६ साली बंद पडलं. नाचायला मला जमत नाही, त्यामुळे क्लबमध्ये माझी जागा ठरलेली: कन्सोलच्या बाजूची भिंत. तिला टेकून उभं राहिलं की तळपायांतून बेस वर चढत यायचा. गिरणगावात वाढलेल्या माणसाला ती थरथर काही नवी नव्हती. आमच्या चाळीत वरच्या मजल्यावर स्पिनिंग खात्यातले एक सायडर राहायचे. चालत्या चातीवर सूत तुटलं की ते बोटांनी पुन्हा जोडायचं, हे सायडरचं काम. मशीन थांबवायचं नाही, आणि जोड पुढे कापडात दिसता कामा नये. ते काका सुट्टीच्या दिवशीही गॅलरीत बसल्या बसल्या अंगठा आणि तर्जनी एकमेकांवर चोळत राहायचे. १९८२ च्या संपानंतर त्या बोटांना तसं काम पुन्हा मिळालं नाही. चोळणं मात्र सुटलं नाही. ब्लू फ्रॉगच्या भिंतीपाशी उभं असताना डीजेची दोन बोटं पिचच्या सरकपट्टीवर केसाएवढी हलताना पाहिली आणि मला ते काका आठवले. ही तुलना फार ताणू नये हे कळतं. एकाचं पोट त्या जोडण्यावर होतं आणि दुसऱ्याचं… खरं म्हणजे दुसऱ्याचंही पोट त्यावरच असतं.

‘डीजे म्हणजे दुसऱ्यांची गाणी वाजवणारा’ असं आमच्या पिढीतले लोक म्हणतात, आणि ते खोटं नाही. जपानच्या मात्सुशिता कंपनीने टेक्निक्स एसएल-१२०० हा टर्नटेबल १९७२ साली काढला तो मुळात घरी बसून गाणी ऐकणाऱ्यांसाठी. १९७९ च्या सुधारित मॉडेलात वेग कमीजास्त करायची सरकपट्टी आली: आठ टक्के पुढे, आठ टक्के मागे. एवढ्याशा जागेत पुढची वीस वर्षं क्लबचं संगीत नांदलं. एक गाणं मिनिटाला एकशे वीस ठोक्यांचं, दुसरं एकशे चोवीसचं. सरकपट्टी हलवून दोन्ही एका चालीवर आणायची, बत्तीस ठोक्यांचं आवर्तन कुठे पुरं होतंय ते पकडायचं, आणि बरोबर तिथे दुसरं सोडायचं. वेग वाढवला की सूरही चढायचा. तबकडीचा तो धर्मच होता. पुढे पायोनियरचे सीडी-प्लेअर आले, मग पेनड्राइव्ह लावायचे प्लेअर आले, सूर जागेवर ठेवून वेग बदलता येऊ लागला. आता तर ‘सिंक’ नावाचं बटण आहे. ते दाबलं की ठोके आपोआप जुळतात. जुन्या डीजेंचा या बटणावर भारी राग. मला तो राग समजतो, पटत नाही. ठोके जुळले म्हणजे जोड लागला असं नाही. ठोके जुळलेली दोन गाणी एकमेकांशी भांडू शकतात, आणि पुष्कळदा भांडतातच.

जोड खरा लागला की अर्धं मिनिट, कधी दीड-दोन मिनिटं, एक तिसरंच गाणं उभं राहतं. पहिल्याचा बेस हळूच काढून घेतलेला असतो, दुसऱ्याचा अजून दिलेला नसतो. पहिल्यातली बाई गातेच आहे, आणि तिच्या खाली दुसऱ्याच देशात, दुसऱ्याच दशकात कुणीतरी वाजवलेला ऑर्गन सरकून आलाय. त्या दोघांची आयुष्यात कधी गाठ पडलेली नसते. माझ्याजवळ अशा काही जागा साठलेल्या आहेत. त्यांतल्या एकीतलं दुसरं गाणं कुठलं हे मी बरेच दिवस शोधत होतो. शेवटी सापडलं, विकत घेतलं, दिवे घालवून सुरुवातीपासून लावलं. चांगलं होतं. पण मला हवं होतं ते ते नव्हतं. मला हवं होतं ते कुणी रचलेलंच नव्हतं. दोन गाण्यांच्या मधल्या बोळात ते राहत होतं, आणि तो बोळ एका माणसाने एका रात्री खुला केला होता.

असे जोड लावत सलग विणलेल्या गाण्यांना मिक्स म्हणतात, आणि त्याच्या पूर्वजांत टॉम मोल्टनचं नाव घेतात. सत्तरच्या दशकाच्या सुरुवातीला न्यू यॉर्कजवळच्या फायर आयलंडवर सँडपाइपर नावाची नाचायची जागा होती. तिथल्यासाठी त्याने घरी बसून टेप केली. गाणं संपलं की नाचणारे थबकतात, उतरतात, पुन्हा जमायला वेळ घेतात, हे त्याच्या डोळ्यांना खुपत होतं. पंचेचाळीस मिनिटांच्या टेपला त्याला ऐंशी तास लागले. आणि गंमत अशी की ती वाजत असताना त्याने तिथे हजर असण्याचीही गरज नव्हती. म्हणजे मिक्सला सुरुवातीपासूनच दोन स्वभाव आहेत. एक, समोरच्या गर्दीकडे बघत त्या घडीला सुचलेला. दुसरा, अनोळखी गर्दीसाठी एकट्याने बसून विणलेला. पहिल्या स्वभावाचं नाव घ्यायचं तर लॅरी लेव्हॅनचं. १९७७ ते ८७ ही दहा वर्षं मॅनहॅटनच्या पॅरडाइज गराजमध्ये, बहुतांशी कृष्णवर्णीय आणि लॅटिनो समलिंगी तरुणांच्या त्या क्लबात, तो वाजवत होता. मनात आलं तर एकच गाणं रात्रीतून पुन्हा पुन्हा लावायचा असं तिथे नाचलेले लोक सांगतात. जोड फिसकटला तरी त्याला फिकीर नसायची. आज घरी हेडफोनवर आपण जे मिक्स ऐकतो ते बहुतेक मोल्टनच्या घराण्यातले, पण मनातून आपल्याला हवा असतो लेव्हॅन.

मला या सगळ्यात खरं कुतूहल आहे ते गोव्याचं. तिथे उन्हाने आणि वाळूने संगीताचा आकार ठरवला.

हणजूण, वागातोरच्या किनाऱ्यांवर साठच्या दशकाच्या अखेरीपासून हिप्पी येऊ लागले. गिटारी होत्या, रॉक होतं, पौर्णिमेच्या रात्री होत्या. सॅन फ्रान्सिस्कोहून आलेला गिल्बर्ट लेव्ही त्यांतलाच. पुढे साऱ्या जगात तो गोवा गिल म्हणून ओळखला गेला. २०२३ च्या ऑक्टोबरात तो गेला. ऐंशीच्या दशकात या किनाऱ्यांवर गिटारी मागे पडल्या आणि यंत्रांचं संगीत आलं. पण ते तबकड्यांवर वाजवणं कठीण. विनाइल उन्हात वाकतं, खाचांत वाळू जाते, आणि तबकड्यांची पेटी घेऊन बसने, बोटीने फिरणाऱ्याचे खांदे निघतात. म्हणून तिथले डीजे कॅसेटवर वाजवायचे. लॉराँ नावाचा एक फ्रेंच डीजे होता. युरोपातल्या बँडांच्या गाण्यांतलं गाणं, म्हणजे शब्द, तो कापून टाकायचा. नुसता वाजवलेला भाग टेपवर पुन्हा पुन्हा जोडून लांबवायचा. रात्रभर नाचणाऱ्याला कुणाचं प्रेमभंगाचं रडगाणं नको असतं, हे त्याने ओळखलं होतं. फ्रंट २४२, कॅबरे व्हॉल्टेर असल्या बँडांचे तुकडे ताडांखाली असे बिनचेहऱ्याचे होऊन वाजायचे.

१९८७ साली सोनीने डॅट आणली: तळहातात मावणारी डिजिटल टेप, आवाज स्वच्छ, नकलेची नक्कल केली तरी खरखर नाही. गोव्याच्या किनाऱ्यावर ती लागलीच रुजली. पण डॅटच्या यंत्रांना वेग बदलायची सरकपट्टी नव्हती. म्हणजे ठोक्याला ठोका जुळवणं आलं नाही. मग एक गाणं मावळत असताना दुसरं उगवू द्यायचं, एवढाच मार्ग. त्यासाठी गाण्यांना लांब, बिनठोक्याची सुरुवात हवी आणि तसाच लांब शेवट हवा: एखादा घुमणारा सूर, सिनेमातलं कुणाचं तरी वाक्य, दूरवरचा वारा. ज्याला पुढे गोवा ट्रान्स म्हटलं गेलं ते संगीत रचणाऱ्यांनी तशीच गाणी रचली. पुढे या लांब सुरुवातींना प्रवास, ध्यान, समाधी असले मोठमोठे शब्द चिकटले. असेलही समाधी. पण निदान एक कारण असं की दोन यंत्रांना एकमेकांचा वेग धरता येत नव्हता.

डॅटचा आणखी एक गुण होता, तो गेल्यावर लक्षात येण्यासारखा. टेपची नक्कल व्हायला टेपएवढाच वेळ लागतो. हणजूणला भाड्याच्या घरांत दुपारी दोन यंत्रं तारेने जोडून ठेवलेली. कुणी लंडनहून, कुणी फ्रँकफर्टहून, कुणी तेल अविवहून काही घेऊन आलेलं, बरंचसं बाजारात न आलेलं, संगीतकाराने हातात दिलेलं. तासभराची नक्कल म्हणजे तासभर बसणं आलं. चहा, गप्पा, बाहेर अबोलीच्या कुंपणापलीकडे कुणाची तरी डुकरं, आणि आत टेप फिरतेय. नक्कल करता करता गाणं ऐकलं जायचंच, ते टळायचं नाही. आणि देणारा समोर बसलेला. ‘ही जागा ऐक’ म्हणून बोट उचलणारा. आज माझ्या हार्ड डिस्कवर अशी कितीतरी गाणी आहेत की जी मी मित्रांकडून क्षणात घेतली आणि एकदाही ऐकली नाहीत. ती माझ्याकडे आहेत, असं मी म्हणतो.

किनाऱ्यांवरच्या रात्रभराच्या पार्ट्यांतल्या एका श्रोतृवर्गाची आठवण कुणी फारशी काढत नाही. गावातल्या बायका संध्याकाळीच चटया घेऊन यायच्या, रॉकेलचे दिवे लावायच्या, स्टोव्हवर चहा ठेवायच्या. भजी, ऑम्लेट-पाव, सिगारेटी, पाणी. नाचून दमलेला त्यांच्या चटईवर येऊन पडायचा. परदेशी लोक त्यांना ‘चाय ममा’ म्हणत. नाचणारे येत-जात राहायचे, डीजे बदलायचे. या मात्र अंधार पडल्यापासून दुसऱ्या दिवशी ऊन तापेपर्यंत तिथेच. गोवा ट्रान्स सर्वांत जास्त तास, शुद्धीवर राहून, कुणी ऐकलं असेल तर ते या बायकांनी. कुठला डीजे आला की भजी जास्त खपतात, कुठल्या गाण्याला लोक चटई सोडून उठतात, हे त्यांना नक्की ठाऊक असणार. त्यांनी निवडलेला मिक्स कसा झाला असता, हा प्रश्न मला अधूनमधून पडतो. त्यांच्याच शेजारपाजाऱ्यांची झोप या संगीताने उडवली हेही खरंच. पुढे २००० सालच्या ध्वनिप्रदूषणाच्या नियमांनी रात्री दहानंतर उघड्यावरचा आवाज कायद्याने थांबवला, आणि त्या चटयांचा धंदाही त्यासोबत ओसरला.

गोवा मात्र तोवर निघून गेला होता, टेपवर बसून. बीबीसी रेडिओ वनवर १९९३ च्या ऑक्टोबरात ‘इसेन्शियल मिक्स’ सुरू झाला: आठवड्याला एक डीजे, दोन तास, मध्ये बोलणं जवळजवळ नाही. १८ डिसेंबर १९९४ ला त्यात पॉल ओकनफोल्डने जो मिक्स दिला तो ‘गोवा मिक्स’ म्हणून प्रसिद्ध आहे. ट्रान्सच्या मधोमध त्याने ‘ब्लेड रनर’ सिनेमाचं व्हँगेलिसचं संगीत घातलं, आणि नाचायच्या संगीतात असा सिनेमा शिरू शकतो हे पुष्कळांना तेव्हा कळलं. लोकांनी तो रेडिओवरून कॅसेटवर उतरवला, कॅसेटींच्या कॅसेटी झाल्या, मग एमपीथ्री झाल्या. त्यात गोव्याचा मांडो नाही, घुमट नाही. एका जागेचं नाव आणि त्या जागेची हवा कशी वेगवेगळी प्रवास करतात, ते त्यात ऐकू येतं. तरी मी तो ऐकतो. दरवर्षी एकदा तरी. आणि दरवर्षी मला त्यात थोडा गोवा ऐकू येतो, बहुधा तो मीच त्यात घालतो.

देण्याचा हा उद्योग आणि लपवण्याचा उद्योग एकाच घरात वाढले. जमैकात पन्नासच्या दशकात कॉक्सन डॉड लोकांना नाचवण्यासाठी लावलेल्या आपल्या साउंड सिस्टिमवर एक अमेरिकन सॅक्सोफोनची तबकडी वाजवायचा. विलिस जॅक्सनची होती ती. पण लेबल खरवडून त्याने तिला ‘कॉक्सन हॉप’ असं आपलंच नाव दिलं होतं. ती फक्त त्याच्याकडे होती, म्हणून गर्दी त्याच्याकडे. पुढे त्याचा प्रतिस्पर्धी ड्यूक रीड याने ती मिळवली आणि एका रात्री त्याच्या देखत वाजवली. कॉक्सनला भोवळ यायची बाकी राहिली होती म्हणतात. इंग्लंडच्या उत्तरेत नॉर्दर्न सोल वाजवणारे डीजेही लेबलावर कागद चिकटवून गायकाला खोटं नाव द्यायचे. हजार लोकांना गाणं द्यायचं आणि त्याचं नाव द्यायचं नाही. कंजूषपणा म्हणावा तर रात्रभर उधळण चाललेली असते.

आता हे लपवणं अवघड झालंय. २००२ साली इंग्लंडमध्ये शझाम आलं तेव्हा २५८० हा नंबर फिरवून फोन स्पीकरकडे धरायचा, मग गाण्याचं नाव मेसेजने यायचं. आता ते फोनमध्येच बसलंय. फ्लोअरवर ऐन जोडाच्या वेळी चार-पाच फोन उंच होतात, नाव विचारत. आणि त्या जोडाच्या अर्ध्या मिनिटात यंत्र गोंधळतं, हे मला आवडतं. दोन्ही गाणी त्याच्या ओळखीची, पण एकत्र उभी राहिली की त्याला कुणाचीच ओळख पटेनाशी होते.

क्लबाबाहेर, आपल्याकडे, हे वाटप वेगळ्या रस्त्याने झालं. लहानपणी कॅसेटच्या दुकानात कागदावर गाण्यांची यादी द्यायची, साठची किंवा नव्वदची कोरी कॅसेट निवडायची, चार दिवसांनी भरून मिळायची. बाजूच्या शेवटी जागा उरली तर दुकानदार आपल्या पसंतीचं एखादं गाणं भरून द्यायचा. माझ्या आयुष्यातली काही आवडती गाणी अशी, अर्ध्यावर तुटलेली, त्या दुकानदाराच्या मर्जीने आलेली आहेत. मग मोबाइलची दुकानं आली, ‘मेमरी कार्ड भरून मिळेल’ अशा पाट्या आल्या. तालुक्याच्या स्टँडसमोरच्या दुकानात संगणकावर फोल्डर लावून ठेवलेले असायचे: भक्तिगीतं, जुनी हिंदी, कोळीगीतं, हळदी स्पेशल, नॉनस्टॉप. हा ‘नॉनस्टॉप’ म्हणजे मिक्सच. कुणीतरी तालुक्यातल्या पोराने चोरीच्या सॉफ्टवेअरवर रात्र जागून केलेला, आणि दर दोन मिनिटांनी त्यात त्याचं नाव घोगऱ्या आवाजात गरजणारं. शहरातले मित्र त्या गरजण्याची टिंगल करतात. पण ज्याच्या हातात कुठलाच हक्क नाही, कुठलंच लेबल नाही, त्याने आपली सही करायची कुठे? नक्कल करणाऱ्याला खरवडता येणार नाही अशा जागी त्याने ती केली. गणपतीत डॉल्बीच्या भिंतीसमोर छाती धडधडत असताना या कलाकुसरीकडे लक्ष जाणं अवघड, हेही मान्य. त्या आवाजाबद्दल माझं मत चांगलं नाही. जोडांबद्दल मात्र आहे.

वाटपाची एक कथा मुंबईतच घडली. चरणजित सिंग सिनेमाच्या गाण्यांत वाजवणारे वादक. १९८२ साली, गिरण्या बंद पडल्या त्याच साली, त्यांनी रोलंडची तीन यंत्रं घेतली आणि दहा राग डिस्कोच्या ठेक्यावर वाजवून एचएमव्हीसाठी तबकडी केली. कुणी फारशी घेतली नाही. शिकागोत १९८७ साली फ्युचर या मंडळींनी रोलंडचं टीबी-३०३ पिळून जो आवाज काढला, ज्याला पुढे ॲसिड हाउस म्हटलं गेलं, तो आवाज या तबकडीत भैरव आणि ललितच्या अंगाने आधीच येऊन बसलेला. एका डच संग्राहकाला ती दिल्लीच्या दुकानात मिळाली. २०१० साली त्याने ती पुन्हा काढली. इंटरनेटवर गाणी फिरली, डीजेंनी मिक्समध्ये घातली, काहींना वाटलं कुणी थट्टा करतंय, अशी तबकडी असणंच शक्य नाही. सत्तरी उलटलेले चरणजित युरोपात जाऊन, पोरांच्या गर्दीसमोर, तसल्याच जुन्या यंत्रांवर तेच वाजवून आले. २०१५ साली ते मुंबईत वारले. जवळजवळ तीस वर्षं ते गाणं कुणाच्या तरी झाकलेल्या कानात थांबून होतं म्हणायचं.

थांबायला जागा मात्र हवी, आणि ती पूर्वीपेक्षा डळमळीत झालीय. दोन तासांच्या मिक्समध्ये तीस गाणी, तीस मालक. साउंडक्लाउडवर टाकलेला मिक्स एका मालकाच्या तक्रारीने एका दुपारी नाहीसा होतो. मिक्सक्लाउडने गाण्यांचे पैसे त्या त्या मालकांना पोचवायची व्यवस्था केली, त्यामुळे तिथे जरा स्थैर्य आहे. दुसऱ्या टोकाला गाणी ऐकवणारी ॲप्स. तुम्हाला हे आवडलं म्हणजे तेही आवडेल, असं सतत सुचवणारी. सुचवतात ते पुष्कळदा बरोबरही असतं. पण सारख्याला सारखं लावणं हे त्यांचं काम; जे सारखं नाही ते शेजारी बसवून दाखवायला कुणाला तरी आधी दोन्ही एकाच वेळी ऐकू यावी लागतात. गाणी मला कुठेही मिळतात. मिक्समधून मी उसना घेतो तो कान.

माझी भाची पुण्यात असते. २०२० च्या टाळेबंदीत तिने एक छोटा कंट्रोलर मागवला आणि स्वयंपाकघराच्या ओट्यावर लॅपटॉप ठेवून शिकायला लागली. तेव्हा जगभरचे डीजे घरूनच वाजवत होते. अमेरिकेत डी-नाइसच्या इन्स्टाग्रामवरच्या मैफलीला एका वेळी लाखाहून जास्त लोक होते, आणि त्याच्या समोर त्याची बैठकीची खोली. भाचीसमोर तिची आई आणि कुकर. अधूनमधून ती मला फाइल पाठवायची, गाण्यांची यादी न देता. मी यादी मागितली की म्हणायची, “मामा, तू आधी ऐक ना. नावं कळली की तू नावंच ऐकतोस.”

गेल्या पावसाळ्यात कोरेगाव पार्कातल्या एका जागी तिला पहिल्यांदा वाजवायला मिळालं. वॉर्म-अप, म्हणजे संध्याकाळी आठ ते दहा, खऱ्या डीजेच्या आधी. या वेळेचे नियम कडक असतात, तिनेच मला शिकवले. वेग चढवायचा नाही, गाजलेलं काही लावायचं नाही, पुढच्यासाठी जागा ठेवायची. खोली तापवायची पण उकळू द्यायची नाही. मी गेलो तेव्हा आत वेटर, बारमागचा मुलगा, तिच्या दोन मैत्रिणी आणि भिंतीला टेकलेला मी. तिची मान कललेली होती. साडेनऊच्या सुमाराला ओल्या छत्र्या घेऊन एक घोळका आला, बसायला जागा शोधू लागला, आणि न बसताच उभा राहिला. त्यांतली एक मुलगी बोलता बोलता गुडघ्यातून हलू लागली होती, आणि ते तिला स्वतःला ठाऊक नव्हतं. भाचीने ते पाहिलं की नाही, कळलं नाही.

दहा वाजता पुढचा डीजे आला. तिने शेवटचं गाणं मुद्दाम नऊ मिनिटांचं लावलं होतं, त्याला घाईने पेनड्राइव्ह लावावा लागू नये म्हणून. त्याने हेडफोन लावले, थोडा वेळ तिचं गाणं ऐकलं, मान हलवली आणि त्यातूनच आपलं पहिलं वर काढलं. तिचा चेहरा उजळला. मग आम्ही भर पावसात भुर्जी खायला गाडीवर गेलो.

“कुठला जोड वाईट वाटला?” तिने विचारलं.

“एकही नाही,” मी म्हणालो. “मला कुठे कळलंच नाही एक गाणं संपून दुसरं कधी सुरू झालं ते.”

ती पाव मोडता मोडता थांबली. “म्हणजे तू लक्षच देत नव्हतास.”

मी सांगायला गेलो की लक्ष देत होतो, भिंतीला टेकून पूर्ण दोन तास, म्हणून तर कळलं नाही. ते तिला पटलं नाही. आठ पस्तीसच्या सुमाराचा एक तिला स्वतःला खटकला होता, तो मला कसा ऐकू आला नाही, असं ती पुन्हा पुन्हा विचारत होती. रेकॉर्डिंग आहे म्हणाली, पाठवते, नीट ऐक.